साक्षीदार कॅमेरा आणि आपण

माहितीपट म्हटला की आमच्या पिढीला आठवते ते चित्रपटगृहातले फिल्म्स डिव्हिजनचे रीळ. मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी धरणाचे उद्घाटन, मंत्र्यांचा दौरा, पूरग्रस्तांना मदत अशी दृश्ये सरकत जायची आणि एक भारदस्त आवाज सारे काही ठीक चालले आहे असे सांगायचा. तेवढ्या वेळात प्रेक्षक अंधारात आपली खुर्ची शोधून घेत. त्या पडद्यावर झोपडपट्टी आलीच तर 'समस्या' म्हणून यायची. झोपडीतला माणूस स्वतः बोलायचा नाही, त्याच्याविषयी बोलले जायचे. मुसलमान आला तर ईदच्या दिवशी गळाभेट घेताना यायचा आणि पुढच्या ईदपर्यंत दिसेनासा व्हायचा.

ही रीत ज्यांनी मोडली त्यांत आनंद पटवर्धन यांचे नाव आधी घ्यावे लागते. १९५० साली मुंबईत जन्मलेल्या पटवर्धनांनी जयप्रकाशजींच्या बिहार आंदोलनाच्या चित्रीकरणापासून सुरुवात केली. आणीबाणीतल्या राजकीय कैद्यांवर 'जमीर के बंदी' केला. १९८५ साली त्यांनी आपल्याच शहराकडे कॅमेरा वळवला आणि 'हमारा शहर' तयार झाला. या चित्रपटात फूटपाथवरची आणि झोपड्यांतली माणसे बोलतात, त्यांची घरे पाडायला आलेली यंत्रणा बोलते आणि शहर सुंदर दिसावे म्हणून चिंता करणारे सुखवस्तू नागरिकही बोलतात. घर गमावलेली एक बाई तर चित्रपट काढणाऱ्यावरच उखडते. आमच्या हालांचे चित्रण करून तुमचे नाव होईल, आमच्या पदरात काय पडेल, असा तिचा रोख आहे. दुसऱ्या एखाद्याने हा तुकडा संकलनाच्या टेबलावर काढून टाकला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. पुढच्याच वर्षी, १९८६ साली, उठवल्या गेलेल्या संजय गांधी नगरच्या रहिवाशांसाठी ते उपोषणाला बसले. त्या उपोषणात शबाना आझमीही होत्या. त्या बाईच्या प्रश्नाचे उत्तर नुसत्या चित्रपटाने देता येत नाही, हे त्यांना तेव्हाच कळले असावे.

या अंकाच्या वाचकांना 'राम के नाम' (१९९२) ची ओळख करून देण्याची गरज नाही. बाबरी मशीद उभी असताना काढलेला तो चित्रपट आपल्यापैकी अनेकांनी पुन्हा पुन्हा पाहिला आहे, मुलांना दाखवला आहे. मात्र त्यांच्या एका दुसऱ्या चित्रपटाकडे आपल्या लोकांनी द्यावे तेवढे लक्ष दिले नाही, अशी आमची तक्रार आहे. तो चित्रपट म्हणजे २०११ साली पूर्ण झालेला 'जय भीम कॉम्रेड'. 'हा दलितांचा विषय आहे' असे म्हणून आपण तो बाजूला ठेवला. आमच्या मते तो जितका रमाबाई नगरचा आहे तितकाच आपलाही आहे. तो का, हे सांगण्यासाठीच हा लेखनप्रपंच.

घाटकोपरहून मुलुंडकडे जाणाऱ्या पूर्व द्रुतगती महामार्गाला लागून माता रमाबाई आंबेडकर नगर आहे. ११ जुलै १९९७ च्या सकाळी तिथल्या रहिवाशांना बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांची माळ घातलेली दिसली. लोक जमले, रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलाची तुकडी आली आणि उपनिरीक्षक मनोहर कदम यांच्या आदेशावरून गोळीबार झाला. दहा माणसे ठार झाली. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, ते पेटले असते तर सारी वस्ती उडाली असती, म्हणून गोळीबार करावा लागला, असा पोलिसांचा बचाव होता. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाला हा गोळीबार समर्थनीय वाटला नाही. मे २००९ मध्ये सत्र न्यायालयाने कदम यांना जन्मठेप ठोठावली. त्यानंतर उच्च न्यायालयातून त्यांना जामीन मिळाला.

आता वाचकाने क्षणभर थांबून स्वतःची आठवण चाळावी. आयोग, गोळीबार, 'जमाव हिंसक होता' हे वाक्य, दोष ठेवणारा अहवाल आणि मग लांबत गेलेली वर्षे, हे सारे आपण आधी ऐकलेले नाही काय? ९ जानेवारी १९९३ ला सुलेमान उस्मान बेकरीत आणि १० जानेवारीला वडाळ्याच्या हरी मशिदीत झालेल्या गोळीबारांविषयी न्यायमूर्ती श्रीकृष्ण आयोगाने जे लिहिले, ते आपल्या घराघरांत माहीत आहे. तो अहवाल १९९८ चा. रमाबाई नगरचा आयोगही त्याच काळातला. एकाच शहरात, एकाच दशकात, दोन समाजांच्या वाट्याला एकाच साच्यातला कागद आला आणि तरीही दोघांनी एकमेकांचा कागद वाचला नाही. 'जय भीम कॉम्रेड' पाहताना आम्हाला सर्वांत आधी जाणवली ती ही लाज.

चित्रपटाची सुरुवात मात्र गोळीबाराच्या चौकशीतून झालेली नाही, ती एका शाहिराच्या मरणातून झाली आहे. विलास घोगरे हे मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे गायक कवी. 'हमारा शहर' मध्ये त्यांचे गाणे आहे आणि पटवर्धनांशी त्यांची ओळख तेव्हापासूनची. दलित घरात जन्मलेले घोगरे डाव्या सांस्कृतिक चळवळीत गात होते. गोळीबारानंतर ते रमाबाई नगरात गेले, तिथले दुःख पाहिले आणि चार दिवसांनी, १५ जुलैला, आपल्या झोपडीत त्यांनी गळफास घेतला. मरताना त्यांनी कपाळाला निळी पट्टी बांधली होती. भिंतीवर आंबेडकरी ऐक्याचा जयजयकार लिहून ठेवला होता. ज्याने आयुष्यभर लाल झेंड्याखाली गाणी म्हटली, त्याने शेवटच्या क्षणी निळी पट्टी का बांधली? पटवर्धनांनी या एका प्रश्नामागे चौदा वर्षे घालवली.

चित्रपटातून कळते की घोगरे ज्या संघटनेत वाढले तिने त्यांना मरणाआधी दूर केले होते. हा प्रसंग पटवर्धनांनी लपवलेला नाही, त्याचा गवगवाही केलेला नाही. ते स्वतः डाव्या विचारांच्या जवळचे आहेत. म्हणूनच या ठिकाणी त्यांचा प्रामाणिकपणा कसाला लागतो. माणूस चळवळीत येताना आपली जात, आपले घर, आपल्या आईची गाणी दाराबाहेर ठेवून यावा अशी अपेक्षा करणाऱ्या विचारसरणीने काय गमावले, हा प्रश्न ते आपल्याच मित्रांना विचारतात.

हा प्रश्न आपल्या ओळखीचा आहे. मराठी मुसलमान लेखकाला दोन दारांवर दोन वेगळी सामाने उतरवायला सांगितली जातात. मराठी साहित्याच्या दारात म्हणतात, धर्म बाहेर ठेवून या. जमातीच्या दारात विचारतात, ही मराठी कशाला? १९९० साली सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले, ते काहीही बाहेर न ठेवता आत येता यावे यासाठीच. घोगऱ्यांच्या कपाळावरची निळी पट्टी पाहताना आम्हाला ती धडपड आठवली. फरक इतकाच की आपल्याला एक व्यासपीठ तरी मिळाले, त्यांना भिंत मिळाली.

शाहिरीचे नाते तर याहून जुने आहे. 'शाहीर' हा शब्दच अरबीतल्या 'शाइर' वरून मराठीत आला. विसाव्या शतकात लाल बावटा कलापथकातून अण्णाभाऊ साठे आणि गवाणकरांच्या खांद्याला खांदा लावून जो बुलंद आवाज महाराष्ट्रभर घुमला, तो शाहीर अमर शेखांचा, म्हणजे बार्शीच्या मेहबूब हुसेन पटेलांचा. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात या मुसलमान शाहिराने मराठीसाठी घसा फोडला. विलास घोगरे आणि त्यांचे सोबती संभाजी भगत ज्या परंपरेत गातात, तिच्या पायात एक चिरा आपलाही आहे. आज आपल्या किती मुलांना अमर शेख माहीत आहेत? रमाबाई नगरच्या पोराला आपला शाहीर तोंडपाठ असतो. आपल्या पोराला आपला शाहीर शाळेच्या पुस्तकात सापडला तर सापडला.

'जय भीम कॉम्रेड' ची लांबी तीन तासांहून अधिक आहे. हा चित्रपट फार लांबला आहे, त्याला कात्री लागायला हवी होती, असे म्हणणारे जाणकार आम्हाला भेटले आहेत. काही जागी ते खरेही आहे. सभांमधली भाषणे, मिरवणुकांची दृश्ये थोडी कमी चालली असती. पण ही लांबी निव्वळ हौसेची नाही. गोळीबाराचा निकाल यायला बारा वर्षे लागली, आणि चित्रपट ती वर्षे आपल्याला बसून काढायला लावतो. मुले मोठी होतात, नेते पक्ष बदलतात, ज्यांनी काल एकमेकांना शिव्या घातल्या ते एका मंचावर दिसतात, २००६ साली खैरलांजी घडते. दरम्यान मेलेल्यांच्या घरच्यांना त्याच त्या सकाळची कहाणी पुन्हा पुन्हा सांगावी लागते. बातमीत हे दिसत नाही, कारण बातमी दुसऱ्या दिवशी निघून जाते. माहितीपट थांबला तरच दिसते.

टँकरच्या बचावाचे उदाहरण घ्या. चित्रपट त्यावर आरडाओरड करत नाही. टँकर कुठे होते, गोळ्या कुठे झाडल्या, माणसे कुठे पडली, हे तो जागा दाखवून, लोकांना विचारून, चित्रफीत पुन्हा लावून शांतपणे मांडतो. प्रेक्षकाला कुणी 'हे खोटे आहे' असे सांगत नाही, त्याच्या ते आपोआप ध्यानात येते. वकिलाने उलटतपासणी घ्यावी तशी ही रीत आहे. आमच्या मते पटवर्धनांची खरी ताकद इथे आहे. त्यांच्या घोषणांपेक्षा त्यांचे प्रश्न मोठे आहेत.

या प्रश्न विचारण्याच्या पद्धतीवर आमचा एक आक्षेपही आहे आणि तो लपवणे बरे नव्हे. 'राम के नाम' मधला एक प्रसंग प्रसिद्ध आहे. रामाचा जन्म कोणत्या काळातला, असे विचारल्यावर नेमक्या जागेविषयी ठाम असलेला तरुण गडबडतो. आम्ही हा चित्रपट एका लहानशा हॉलमध्ये पाहिला तेव्हा या जागी हशा पिकला होता. हसणाऱ्यांत आम्हीही होतो. घरी परतताना मात्र ते हसू टोचू लागले. तो तरुण बुद्धीने हरला, पण हरवणाऱ्याच्या हाती इंग्रजी शाळेतून आलेली सफाई होती आणि हसणारे आम्ही एसीत बसलो होतो. अशा हसण्याने त्याचे मत बदलत नाही, फक्त आपले समाधान होते. पटवर्धनांच्या संकलनात कधी कधी हा सोपा विजय डोकावतो. शिवाजी पार्कच्या आसपासचे सुशिक्षित लोक सहा डिसेंबरच्या गर्दीविषयी नाके मुरडतात, ते दाखवताना तो डोकावला तर चालतो, कारण तिथे उघडे पडणारे लोक बलवान आहेत. दुबळा माणूस चुकीचे बोलतो तेव्हा कॅमेऱ्याने अधिक सबुरी ठेवावी, असे आम्हाला वाटते.

'एकतर्फी' हा मात्र त्यांच्यावरचा नेहमीचा आरोप, आणि तो आम्हाला मान्य नाही. ज्याला आपण विरोध करतो त्याला पूर्ण बोलू देणारा माणूस एकतर्फी कसा? 'राम के नाम' मध्ये १९४९ साली मशिदीत मूर्ती ठेवण्यात आपला वाटा होता असे अभिमानाने सांगणारा महंत आहे. त्याच अयोध्येत, न्यायालयाने नेमलेले पुजारी लालदास या साऱ्या राजकारणाविरुद्ध निर्भयपणे बोलतात. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांचा खून झाला. आज त्यांचा आवाज शिल्लक आहे तो मुख्यतः या रिळांमुळे. हे चित्रपट दाखवले जावेत म्हणून पटवर्धनांना वारंवार कोर्टाची पायरी चढावी लागली. 'पिता, पुत्र और धर्मयुद्ध' (१९९५) दूरदर्शनवर यावा यासाठी प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि २००६ साली निकाल त्यांच्या बाजूने लागला. 'जंग और अमन' मध्ये सेन्सॉर मंडळाने सुचवलेली काटछाट २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने मान्य केली नाही. दिग्दर्शकाने वकिलाच्या कचेरीत घालवलेली ही वर्षेही त्या चित्रपटांच्या लांबीत धरायला हवीत.

आता आपल्याविषयी. पटवर्धनांच्या चित्रपटांत मुसलमान कसा दिसतो? बहुतेक वेळा आग लागून गेल्यावर. जळालेली खोली, रडणारी बाई, शांतपणे 'आम्ही पिढ्यान्पिढ्या इथेच राहतो' सांगणारे म्हातारे. हे खोटे नाही. १९९२-९३ मध्ये आम्ही हे याच उपनगरांत डोळ्यांनी पाहिले आहे, आणि तेव्हा जो कॅमेरा घेऊन आला त्याचे उपकार विसरू नयेत. मधुश्री दत्त यांनी १९९३ साली वांद्र्याच्या बेहरामपाड्यावर केलेला माहितीपटही त्याच वर्षांची देणगी आहे. तरीही बळी म्हणून दिसणे आणि माणूस म्हणून दिसणे यांत अंतर असते. बळी ठरलेल्या माणसाला मत नसते, विनोद नसतो, घरातले भांडण नसते. शिवाय या चित्रपटांतला मुसलमान हिंदी बोलतो. कोकणी, देशी, मराठवाडी मराठी बोलणारा, ज्ञानेश्वरी आणि मौलूद एकाच घरात ऐकलेला माणूस तिथे जवळजवळ नाही. प्रेक्षक समजतो, मराठी एकीकडे आणि मुसलमान दुसरीकडे. आपल्या साहित्याने चार दशके जो गैरसमज खोडला तो पडद्यावर तसाच राहतो.

न्यायाने हेही सांगायला हवे की २०२३ च्या 'वसुधैव कुटुंबकम्' मध्ये पटवर्धन वेगळ्या वाटेने गेले आहेत. आपल्या आईवडिलांच्या आठवणी सांगता सांगता ते सिंधपर्यंत पोहोचतात आणि तिथे अल्लाबक्ष सूमरो भेटतात. सिंधचे हे पंतप्रधान फाळणीच्या विरोधात उभे राहिले, १९४० साली दिल्लीच्या आझाद मुस्लिम परिषदेचे नेतृत्व त्यांनी केले आणि १९४३ साली त्यांचा खून झाला. इथला मुसलमान दयेसाठी हात पसरत नाही, देशाचा नकाशा कसा असावा यावर मत देतो. अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांच्या 'नाता' (२००३) मध्येही धारावीचे भाऊ कोरडे आणि वकार खान हे दोन मित्र बरोबरीने बोलतात. अशी उदाहरणे आहेत, पण थोडी.

ही थोडी का, याचा दोष सगळाच दुसऱ्यांना देता येणार नाही. पुन्हा घाटकोपरलाच येऊ. २ डिसेंबर २००२ ला तिथे बसमध्ये स्फोट झाला. त्या प्रकरणात परभणीचा ख्वाजा युनूस हा तरुण इंजिनिअर पकडला गेला. पोलीस म्हणाले, गाडी उलटली आणि तो पळाला. सीआयडीच्या तपासात तो जानेवारी २००३ मध्ये कोठडीतच मेल्याचे पुढे आले. त्याच्याबरोबरचे आरोपी पुढे निर्दोष सुटले. ज्या पोलिसांवर आरोप होता त्यांना २०२० साली सेवेत परत घेतले गेले. त्याची आई वर्षानुवर्षे कोर्टात खेटे घालत राहिली. रमाबाई नगरच्या गोळीबारानंतर साडेपाच वर्षांनी, त्याच घाटकोपरात. मग आम्ही स्वतःला विचारतो: त्या आईशेजारी चौदा वर्षे बसून राहील असा आपल्यातला कोण? मोर्चे आपण काढले, निवेदने दिली, दुआ मागितल्या. पण तिचे बोलणे, तिच्या परभणीच्या बोलीत, वर्षामागून वर्ष टिपून ठेवण्याचे काम आपण हाती घेतले नाही. आपल्याकडे इंजिनिअर झाले, वकील झाले, निकाहाचे व्हिडिओ काढणारे तर गल्लोगल्ली झाले. कॅमेरा घरात आहे, त्याचा धर्म आपण ठरवलेला नाही.

उर्दूत 'शाहिद' म्हणजे साक्षीदार आणि 'शहीद' म्हणजे बलिदान देणारा. दोन्ही शब्द एकाच मुळाचे, आणि 'शहादत' या एका शब्दात दोन्ही अर्थ आहेत. आपण शहिदांच्या याद्या केल्या. साक्षीदार तयार करायचे राहून गेले. आणि साक्ष फक्त दुसऱ्याविरुद्ध द्यायची नसते. पटवर्धनांनी आपल्या डाव्या मित्रांविषयी जो प्रश्न विचारला, तसा प्रश्न आपल्यातल्या चित्रपटकर्त्याला आपल्याच जमातीला विचारता आला पाहिजे: बायकांविषयी, आपल्यातल्या जातींविषयी, गप्प बसणाऱ्यांविषयी. ते बाहेरच्याने विचारले की आपल्याला राग येतो. मग ते आतल्याने विचारायला हवे.

'जय भीम कॉम्रेड' तयार झाल्यावर तो आधी वातानुकूलित थिएटरात गेला नाही. जानेवारी २०१२ मध्ये भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, उघड्यावर, ज्यांच्याविषयी होता त्यांच्यासमोर तो दाखवला गेला. आता रमाबाई नगरात पुनर्विकासाची योजना आली आहे. एमएमआरडीए आणि झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरण मिळून ती राबवत आहेत. जुन्या गल्ल्या जातील, उंच इमारती उभ्या राहतील. १९९७ च्या त्या सकाळी कोण कुठे पडला हे दाखवणारी जागा उद्या तिथे नसेल, पण चित्रपटात असेल. रमाबाई नगरच्या नातवंडांना आपल्या आजोबांचे काय झाले हे विचारायला एक ठिकाण राहील.

आपल्या नातवंडांनी विचारले तर आपण त्यांना काय दाखवणार आहोत, एवढे या अंकाच्या वाचकांनी घरी बसून ठरवावे. आणि तोवर निदान एका रविवारी, दुपारच्या जेवणानंतर, मुलांना सोबत घेऊन 'जय भीम कॉम्रेड' पाहावा. तीन तास लागतात. त्या माणसाला चौदा वर्षे लागली होती.